चित्र न काढणारा दिग्दर्शक : इसाओ ताकाहाता

ॲनिमेशनचा दिग्दर्शक म्हटलं की टेबलावर वाकून पेन्सिल चालवणारा माणूसच डोळ्यासमोर येतो, आणि बऱ्याचदा ते खरंही असतं. इसाओ ताकाहाता मात्र चित्रकार नव्हताच. तोक्यो युनिव्हर्सिटीत फ्रेंच साहित्य शिकलेला, कवितेचं वेड असलेला, संगीताचा कान असलेला हा माणूस 1959 पासून 2013 पर्यंत ॲनिमेशनमध्ये काम करत राहिला आणि पेन्सिल कायम दुसऱ्या कोणाच्या तरी हातात होती. ताकाहाता आणि हायाओ मियाझाकी या दोन दिग्दर्शकांच्या स्टुडिओ घिबली या जपानी ॲनिमेशन स्टुडिओचं नाव निघालं की सगळे मियाझाकी मियाझाकी करतात, करावंच, मलाही तो प्रचंड आवडतो, पण मुलांना गंभीरपणे घेणं म्हणजे नक्की काय हे बघायचं असेल तर मी कुणालाही आधी ताकाहाताच दाखवीन. आपल्याकडे 2020 मध्ये घिबलीच्या फिल्म्स नेटफ्लिक्सवर आल्या तेव्हापासून कितीतरी घरात मियाझाकीचा टोटोरो पोचला, ताकाहाता तेवढा नाही पोचला, आणि मला ते सारखं लागून राहतं म्हणून हे सगळं सविस्तर लिहितेय.

जन्म 29 ऑक्टोबर 1935 चा, मिए प्रांतातला, वाढला ओकायामा शहरात. 29 जून 1945 च्या पहाटे ओकायामावर बॉम्बहल्ला झाला तेव्हा तो नऊ वर्षांचा होता. घरच्यांपासून चुकामूक झाली, बरोबर फक्त एक बहीण, अनवाणी, आणि आजूबाजूला शहर जळतंय. घरचे भेटले ते दोन दिवसांनी. हे आत्ताच सांगून ठेवते कारण पुढे चाळीसेक वर्षांनी या रात्रीचा संबंध येणार आहे.

कॉलेजात असताना त्याने पॉल ग्रिमो या फ्रेंच दिग्दर्शकाची एक ॲनिमेशन फिल्म बघितली, राजा, मेंढपाळीण आणि धुराडी साफ करणारा पोरगा अशी ती गोष्ट, जिची पटकथा कवी झाक प्रेव्हेरने लिहिली होती. (ताकाहाताने पुढे प्रेव्हेरच्या कविता जपानीत आणल्या, इतका तो त्याला चिकटून राहिला.) ॲनिमेशनमधून विचार मांडता येतो, माणसामाणसातलं नातं, सत्ता, गरिबी हे सगळं त्यात येऊ शकतं हे त्याला त्या फिल्ममुळे दिसलं, आणि डिग्री घेऊन तो सरळ तोएई कंपनीच्या ॲनिमेशन स्टुडिओत असिस्टंट डायरेक्टर म्हणून लागला.

तिथे त्याला दोन गोष्टी मिळाल्या, एक युनियन आणि दुसरा मियाझाकी. मियाझाकी 1963 ला तोएईत आला, दोघं युनियनच्या कामातच जवळ आले. 2018 साली ताकाहाताच्या श्रद्धांजली सभेत मियाझाकीने पहिल्या भेटीची आठवण सांगितली होती, पाऊस थांबलेला, बसस्टॉपवर तो एकटा उभा होता आणि तिथे एक तरुण जवळ आला, तो पाकु-सान. ताकाहाताला सगळे याच नावाने हाक मारायचे.

पहिली फिल्म 'होरुस'. ॲनिमेटर यासुओ ओत्सुकाने हट्ट धरला की मी करीन तर दिग्दर्शक ताकाहाताच पाहिजे, म्हणून ती त्याला मिळाली. काम 1965 ला सुरू झालं आणि फिल्म लागली जुलै 1968 मध्ये. मध्ये काय काय झालं, बजेट संपलं, काम थांबवलं गेलं, मॅनेजमेंट वैतागलं, शेवटी तर लांडग्यांचा आणि उंदरांचा गावावर हल्ला होतो ते दोन मोठे सीन हलणाऱ्या चित्रांत करायला वेळच उरला नाही, ते स्थिर चित्रांवर कॅमेरा फिरवून भागवले, आज बघतानाही ती जागा कळते. थिएटरात जेमतेम दहा दिवस. तोएईने त्याला पुन्हा फिल्म दिली नाही. पण त्या फिल्ममधली हिल्दा बघा, गाव उद्ध्वस्त करायला पाठवलेली मुलगी, जिला त्याच गावात राहावंसंही वाटतंय. 1968 साली मुलांच्या कार्टूनमध्ये असं दुभंगलेल्या मनाचं पात्र! वाईट माणूस वाईट आणि चांगला चांगला एवढंच मुलांना कळतं असं मानणाऱ्यांना त्याने पहिल्याच फिल्ममध्ये उत्तर दिलं होतं, आणि त्याची किंमतही मोजली.

1971 मध्ये ताकाहाता, मियाझाकी आणि ॲनिमेटर योइची कोताबे असे तिघं तोएई सोडून बाहेर पडले, पिप्पी लाँगस्टॉकिंग या मुलांच्या पुस्तकावर सिरीज करायची म्हणून. मियाझाकी स्वीडनला जाऊनही आला पण लेखिका आस्ट्रिड लिंडग्रेनने परवानगी दिली नाही. एवढी तयारी वाया जायला नको म्हणून असेल, पण 1972 साली त्याच धाटणीची, एकटी राहणारी लाल केसांची मुलगी घेऊन 'पांडा गो पांडा' ही छोटी फिल्म आली, त्याच वर्षी चीनहून आलेले पांडा तोक्योच्या उएनो प्राणिसंग्रहालयात होते आणि सगळा जपान पांडावेडा झाला होता. माझी भाची चार वर्षांची असताना तिला मी ही लावून दिली. यात कोणी खलनायक नाही, कोणी कोणाला मारत नाही, पांडा बाबा ऑफिसला जायचं म्हणून टोपी घालतो, एवढ्यावर ती खिळून बसलेली.

आणि मग 1974, 'हायदी' ही टीव्ही सिरीज, त्याच नावाच्या स्विस पुस्तकावरून. इथे मी थोडं रेंगाळणार आहे कारण माझ्या मते त्याच्या सगळ्या करिअरची किल्ली इथे आहे.

आठवड्याला एक एपिसोड, वर्षभर, एकूण 52. काळ असा की जपानी टीव्हीवर मुलांसाठी यंत्रमानव, जादूच्या मुली आणि मारामाऱ्या. यात ताकाहाता म्हणतो मी एका अनाथ मुलीचं आजोबांबरोबरचं रोजचं जगणं दाखवणार. म्हणजे काय, तर बकऱ्यांचं दूध काढणं, वाळलेल्या गवताची गादी करणं, विस्तवावर चीज वितळवून पावावर घेणं, खिडकीतून डोंगर बघणं. बस. आणि हे करायला तो टीम घेऊन 1973 मध्ये थेट स्वित्झर्लंडला गेला, तेव्हा टीव्हीच्या कार्टूनसाठी परदेशात जाऊन जागा बघून येणं ही न ऐकलेली गोष्ट होती. घर कसं बांधलेलं असतं, लाकडाची जोडणी कशी असते, बकरीच्या गळ्यातली घंटा, उतारावर माणसं कशी चालतात, सगळं बघून आले.

पहिल्या एपिसोडमध्ये मावशी हायदीला डोंगरावर सोडायला घेऊन चाललीय, सामान नको उचलायला म्हणून सगळे कपडे एकावर एक तिच्या अंगावर चढवलेत, उन्हात ती घामाघूम झालीय. वाटेत पीटर आणि त्याच्या बकऱ्या दिसतात आणि ती एकेक कपडा काढून टाकत मोकळी होऊन पळत सुटते. मूळ पुस्तकातही हे आहे. पण ताकाहाता याला जो वेळ देतो ना, ते जड पाय, ते थांबणं, आणि मग हलकं झालेलं पळणं, ते बघणाऱ्या मुलाला अंगावर जाणवतं. कोणी बोलून सांगत नाही की आता ती स्वतंत्र झाली.

आता ज्याला चित्र काढता येत नाही तो हे करवून कसं घेतो? तर हायदीत प्रत्येक शॉटचा लेआउट, म्हणजे कॅमेरा कुठे, पात्र कुठून कुठे जाणार, मागे किती डोंगर दिसणार याचा नकाशा, एकट्या मियाझाकीने काढला, 52 च्या 52 एपिसोडचा. पात्रांची रूपं कोताबेची. ताकाहाता काय करायचा, तर बोलायचा. चर्चा करायचा, प्रश्न विचारायचा, ही मुलगी इथे का थांबेल, दूध प्यायल्यावर तिचा हात कुठे जाईल, आजोबा दार उघडताना आधी बघतील की आधी बोलतील. ज्यांना हात आहे ते चित्रकार बऱ्याचदा सवयीने काढतात, हाताला जे येतं ते येतं. याच्याकडे तो शॉर्टकटच नव्हता, म्हणून प्रत्येक गोष्ट आधी बघावी लागायची आणि शब्दांत सांगावी लागायची. मला वाटतं त्याचं सगळं बळ यातच आहे.

आणि लोकांनी हे बघितलं, बरं का. रविवारी संध्याकाळी हायदी इतकी चालली की त्याच वेळेला दुसऱ्या चॅनेलवर लागलेली अंतराळयुद्धाची 'यामातो' सिरीज, जी पुढे केवढी गाजली, ती तेव्हा हिच्यापुढे पडली. जर्मनी, इटली, स्पेनमधली एक पिढी हायदी बघत वाढली, आणि जपानी लोक अजून त्या स्वित्झर्लंडच्या गावाला फिरायला जातात.

पुढे 1976 ला 'मार्को', इटलीहून अर्जेंटिनाला कामासाठी गेलेल्या आईला शोधत निघालेला पोरगा. मूळ गोष्ट छोटीशी, ती 52 एपिसोड करताना ताकाहाताने त्यात काय घातलं तर पैसा. आई का गेली, घरावर कर्ज का झालं, तिकिटाचे पैसे कुठून आणायचे, स्थलांतरितांच्या बोटीत तळाला कोण बसतं. मार्को स्वतः पण गोड गोड मुलगा नाहीये, चिडका आहे, हट्टी आहे, बापावर रागावलेला आहे. आणि 1979 ला 'ॲन', 'ॲन ऑफ ग्रीन गेबल्स' या पुस्तकावरून, 50 एपिसोड, जिथे त्याने ॲनचा चेहरा मुद्दाम हाडकुळा, मोठ्या कपाळाचा करायला लावला, ॲनिमेटर योशिफुमी कोंदोकडून, कारण ही मुलगी वर्षभरात आपल्या डोळ्यांदेखत मोठी होणार आहे आणि मोठेपणीचा चेहरा या चेहऱ्यातूनच निघायला हवा. पहिल्या भागापासून शेवटच्या भागाचा चेहरा ठरवलेला! मियाझाकी इथे पंधरा भागांनंतर बाहेर पडला, त्याला स्वतःची फिल्म करायची होती. (मार्को आणि ॲन या दोन्ही निप्पॉन ॲनिमेशन कंपनीच्या. आपल्या पिढीने दूरदर्शनवर रविवारी सकाळी जो मोगली बघितला तो याच कंपनीचा. मोगलीत ताकाहाता नव्हता, पण त्या घराशी आपली ओळख लहानपणीच झाली होती असं म्हणायला हरकत नाही.)

1982 च्या 'गोश' बद्दल एवढंच सांगते की चेलो वाजवणाऱ्या माणसाची ती तासाभराची फिल्म सहाएक वर्षं हळूहळू होत राहिली आणि मुख्य ॲनिमेटर चेलो वाजवायला शिकला, बोटं सुरांवर बरोबर पडावीत म्हणून. मग मियाझाकीच्या 'नाउसिका'चा ताकाहाता प्रोड्युसर झाला, तिथून आलेले पैसे मियाझाकीने ताकाहाताच्या यानागावा गावातल्या कालव्यांवरच्या डॉक्युमेंटरीत घातले, ती लांबत लांबत पावणेतीन तासांची झाली आणि पैसे संपले, मग ते भरून काढायला मियाझाकीला 'लापुटा' करावी लागली. घिबली स्टुडिओ 1985 ला उभा राहिला त्याच्यामागे हेही एक कारण आहे.

16 एप्रिल 1988 ला 'टोटोरो' आणि ताकाहाताची 'ग्रेव्ह ऑफ द फायरफ्लाईज' एकाच तिकिटावर लागल्या. काय जोडी! ओकायामाची ती रात्र इथे आली. गोष्ट अकियुकी नोसाकाची, त्याची स्वतःची धाकटी बहीण युद्धात गेली होती. कोबे शहर, चौदा वर्षांचा सेइता आणि चार वर्षांची सेत्सुको. फिल्मच्या सुरुवातीलाच मुलगा सांगतो की मी मेलो. म्हणजे वाचतील का हा प्रश्नच नाही, आशा लावून बघणाऱ्याला ओढत न्यायचं नाही, तर का आणि कसे गेले हे डोळे उघडे ठेवून बघायला लावायचं. सेत्सुकोचा आवाज खरंच तेवढ्याशा मुलीचा आहे, तिचं बोलणं आधी रेकॉर्ड केलं आणि चित्रं त्यावर नंतर केली. आणि रेघा काळ्या नाहीत, तपकिरी आहेत, म्हणून चेहरे इतके मऊ दिसतात. वेळेत मात्र फिल्म पूर्ण झालीच नाही, पहिल्या दिवशी काही शॉट रंग न भरताच दाखवले गेले.

सगळे याला युद्धविरोधी फिल्म म्हणतात, ताकाहाता नाही म्हणायचा. त्याचं म्हणणं होतं की सेइता लोकांपासून तुटून बहिणीला घेऊन आपलं वेगळं छोटं जग करायला बघतो आणि ते टिकत नाही, आणि आजची मुलंही असंच करतील. मला हे आधी कठोर वाटायचं. आता वाटतं की एका मुलाला निव्वळ बिचारा न मानता, तो निर्णय घेतो आणि त्या निर्णयाचे परिणाम होतात असं मानणं यातच आदर आहे.

'ओन्ली यस्टरडे' 1991 ची, माझी सगळ्यात लाडकी. सत्तावीस वर्षांची ताएको सुट्टी घेऊन यामागाताला करडईची फुलं तोडायला जाते आणि तिच्याबरोबर तिचं पाचवीतलं वय पण येतं. त्यातला अननसाचा सीन एकदा तरी बघाच. 1966 सालचं तोक्यो, घरात पहिल्यांदा अख्खा अननस आणलाय, कापायचा कसा कोणालाच माहीत नाही, सगळे त्याच्याभोवती बसलेत, मग एक दिवस मोठी बहीण विचारून येते आणि तो कापला जातो. प्रत्येकाला एकेक चकती. चावतात. कडक आहे, गोड नाहीये. कोणी काही बोलत नाही, मग हळूहळू एकेक जण आपली चकती ताएकोकडे सरकवतो, केळंच बरं म्हणतात, आणि ताएको मात्र हट्टाने खात राहते. एवढाच सीन. यात काही घडत नाही असं कोणी म्हणालं तर मी भांडेन. कितीतरी दिवस वाट बघितलेली गोष्ट शेवटी तोंडात फिकी लागणं आणि तरी ते कबूल न करणं, हे दहा वर्षांच्या मुलीला जेवढं मोठं असतं तेवढंच मोठं ते इथे आहे.

आठवणीतले सीन फिके रंगवलेत, कडा कोऱ्या सोडल्यात, आणि आत्ताचे सीन पूर्ण भरलेले, गालाचे स्नायू हसताना कसे वर जातात इतपत. करडईची शेती कशी करतात याचा तर त्याने वह्या भरून अभ्यास केला होता. अमेरिकेत ही फिल्म थिएटरात लागायला 2016 उजाडलं, मुलींच्या पाळीबद्दल शाळेत होणारं बोलणं त्यात मोकळेपणाने आहे हे कारण सांगितलं जातं. मुलांच्या फिल्ममध्ये मुलींच्या आयुष्यातली इतकी साधी गोष्ट चालत नसेल तर अडचण फिल्मची नाही.

'पॉम पोको' 1994, जंगल तोडून वसाहत बांधणाऱ्यांशी झुंजणारे तानुकी (कुत्र्याच्या जातीचा एक जपानी जंगली प्राणी), खूप चालली. 'यामादा' 1999, वर्तमानपत्रातल्या व्यंगचित्रपट्टीवरून, जलरंगासारखी, अर्धा पडदा कोरा, घिबलीची पहिली पूर्ण कॉम्प्युटरवर केलेली फिल्म, आणि ती आपटली. मला ती आवडते, घरातली सगळी धाकटीला मॉलमध्ये विसरून येतात तो भाग तर फारच. पण त्यानंतर तब्बल 14 वर्षं त्याची फिल्म नाही.

इथे एक गोष्ट बघा. हायदी, फायरफ्लाईज, यामादा एका ओळीत ठेवल्या तर एकाच माणसाच्या आहेत असं कोणी म्हणणार नाही. मियाझाकीची रेघ कुठेही ओळखू येते. ताकाहाताला रेघच नव्हती, म्हणून दर वेळी ही गोष्ट कशी दिसायला हवी हे तो नव्याने विचारू शकला आणि त्यासाठी योग्य हात शोधू शकला.

हे हात मात्र पिळून निघायचे, तेही लिहायला हवं. प्रोड्युसर तोशिओ सुझुकीने उघड सांगितलंय की त्याच्याबरोबर काम करणाऱ्यांचे फार हाल व्हायचे. तारखा तो पाळत नसे, चांगलं झालेलं पुन्हा करायला लावी. काम मोठं होतं म्हणून हे माफ असं मी म्हणणार नाही, ज्यांच्या झोपा आणि तब्येती गेल्या त्यांनी ते ठरवायचं.

शेवटची फिल्म 'कागुया', नोव्हेंबर 2013. बांबूत सापडलेल्या राजकन्येची जपानमधली हजारेक वर्षं जुनी गोष्ट. आठ वर्षं लागली, खर्च 500 कोटी येनच्या आसपास, वसूल काही झाला नाही, 2015 ला ऑस्करचं नॉमिनेशन मात्र मिळालं. ॲनिमेटरची कच्ची पेन्सिलची रेघ साधारणपणे पुढे साफ करून एकसारखी करतात आणि त्यात तिचा जीव जातो. त्याला ती कच्ची रेघच पडद्यावर हवी होती, म्हणून सगळी पद्धतच उलटी करावी लागली. ओसामू तानाबेचं पात्रांचं काम आणि काझुओ ओगाची पार्श्वभूमी, दोन्ही एकाच कागदावर एकाच हाताने काढल्यासारखी. मेजवानीला आलेल्या पुरुषांचं आपल्याबद्दलचं बोलणं ऐकून कागुया महालातून पळत सुटते तेव्हा रेघा इतक्या रागाने ओढल्यात की चेहराही राहत नाही, नुसते फटकारे.

पण मला विचाराल तर त्यातलं बाळ. तळहाताएवढं बाळ मोठं होतंय, पालथं पडतं, पोटावर सरकतं, बेडूक बघून त्याच्यामागे रांगतं, बसता बसता कलंडतं, उभं राहतं. गावातली पोरं लांबून हाक मारतात, म्हातारा बाबा दुसऱ्या बाजूने राजकन्या राजकन्या म्हणून जिवाच्या आकांताने बोलावतो, आणि ते बाळ मध्ये. म्हातारा शेवटी धावत जाऊन तिला उचलून घेतो, डोळ्यात पाणी. घरात बाळ वाढताना बघितलेल्या कोणालाही कळेल की हे कोणीतरी खूप लक्ष देऊन बघितलंय. आणि पुढची सगळी शोकांतिका, बाबाने प्रेमानेच तिला नको त्या आयुष्यात नेणं, ती या एका ओढाताणीत आधीच आहे.

5 एप्रिल 2018 ला तो गेला, 82 वर्षांचा होता.

घरात मुलं असतील तर चौथ्या पाचव्या वर्षी पांडा लावा, मग हायदी मिळाली तर हायदी, आठ नऊ वर्षांची झाली की कागुया, मध्ये कंटाळली तर थांबवा आणि दुसऱ्या दिवशी लावा, त्याच्या फिल्म्सना घाई चालत नाही. पाचवी सहावीतल्या मुलीबरोबर ओन्ली यस्टरडे आईने, मावशीने आणि हो, बाबांनीसुद्धा बसून बघावी. फायरफ्लाईज बारा तेरा वर्षांच्या आधी नको आणि मुलांना एकटं बसवून तर अजिबात नको, संपल्यावर त्यांना खूप प्रश्न पडतात, तेवढा वेळ मोकळा ठेवा.